ऑलिम्पिकची पुस्तके आणि आश्रमशाळेचे कपाट

दर चार वर्षांनी ऑलिम्पिक जवळ आले की पुस्तकांच्या दुकानांत आणि एस.टी. स्टँडवरच्या स्टॉलवर पातळ पुस्तिकांचा एक हंगाम येतो. पहिले आधुनिक ऑलिम्पिक १८९६ साली अथेन्सला भरले, पहिले एशियाड १९५१ साली दिल्लीत झाले, राष्ट्रकुल स्पर्धा २०१० साली दिल्लीतच झाल्या, पाच वर्तुळांचे रंग कोणते, कोणी कोणते पदक घेतले, असा सगळा मजकूर कोष्टकांत कोंबलेला असतो. स्पर्धा परीक्षेला बसणारी आमची मुले ती पुस्तिका विकत घेतात, पाठ करतात आणि परीक्षा संपली की रद्दीत घालतात. त्यात त्यांचा काहीच दोष नाही. ज्या पुस्तकात माणूसच सापडत नाही ते पुस्तक जपून ठेवावे तरी कशासाठी?

अत्याचार, नोकरभरती, शिष्यवृत्ती, वनजमिनी असे प्रश्न आ वासून उभे असताना खेळाच्या पुस्तकांचे काय घेऊन बसलात, असे आमचे काही कार्यकर्ते विचारतील. त्यांना आमचे नम्रपणे सांगणे आहे की, इतिहास कोण लिहितो आणि कोणाला त्यातून वगळतो, हा प्रश्न फुले-आंबेडकरी चळवळीने या देशात सर्वांत आधी आणि सर्वांत जोरात विचारला. मैदानाचा इतिहास त्याला अपवाद कसा असेल? उलट मैदानावर आमची माणसे उघड्या डोळ्यांनी दिसतात, कारण धावताना कोणाला मागे उभे करता येत नाही. मैदान संपून कागद सुरू झाला की मात्र ती माणसे दिसेनाशी होतात.

हा विषय सुचला तो नंदुरबार जिल्ह्यातल्या भटकंतीत. १ जुलै १९९८ रोजी धुळे जिल्ह्याचे विभाजन होऊन हा जिल्हा झाला. नंदुरबार, नवापूर, शहादा, तळोदा, अक्कलकुवा आणि अक्राणी म्हणजेच धडगाव असे सहा तालुके. २०११ च्या जनगणनेनुसार लोकसंख्या साडेसोळा लाखांच्या आसपास आणि त्यात शंभरात एकोणसत्तर माणसे आदिवासी. भिल्ल, पावरा, मावची, कोकणी, तडवी. घरात बोलायची भाषा पावरी, मावची, देहवाली. शाळेत शिरताच मराठी. नंदुरबार आणि तळोदा अशी आदिवासी विकास विभागाची दोन प्रकल्प कार्यालये येथे आहेत आणि त्यांच्या हाताखाली आश्रमशाळांचे जाळे आहे. दरवर्षी या शाळांच्या क्रीडास्पर्धा होतात. आधी प्रकल्पाच्या, मग विभागाच्या, मग राज्याच्या. कबड्डी, खो-खो, धावणे, उड्या. सातपुड्याच्या उतारावरची ही पोरे धावायला लागली की पाहणाऱ्याचे भान हरपते.

अक्राणी तालुक्यातल्या एका आश्रमशाळेत आम्ही तेथील शिक्षकांबरोबर ग्रंथालय पाहिले. ग्रंथालय म्हणजे एक लोखंडी कपाट. किल्ली शोधायला अर्धा तास गेला. आत देवादिकांच्या गोष्टी, संस्कारकथा, व्याकरण, काही चरित्रे आणि तळाशी खेळांवरची चार पुस्तके होती. त्यातले एक ऑलिम्पिकच्या माहितीचे. १९२८, ॲम्स्टरडॅम, हॉकी, सुवर्ण, अशी एक ओळ त्यात होती. संघाचा कर्णधार कोण होता याचा उल्लेख नव्हता. आम्ही ते पुस्तक चाळत असताना नुकतीच शर्यत जिंकून आलेली सातवी-आठवीतली एक मुलगी शेजारी येऊन उभी राहिली आणि म्हणाली, "दादा, ते पळणारे सकाळी काय खातात, ते लिहिलंय का यात?"

लिहिलेले नव्हते. अशा पुस्तकांत ते कधीच नसते. पण धावणाऱ्या मुलीने खेळाच्या पुस्तकाला विचारावा असा पहिला प्रश्न हाच आहे! कुठे राहत होते, काय खात होते, बूट कोणी दिले, घरून सोडले कसे, हरल्यावर कोण काय बोलले. या प्रश्नांना उत्तर देणारी पुस्तके जगात आहेत. ती या कपाटापर्यंत पोहोचलेली नाहीत, आणि न पोहोचण्याला कारणे आहेत.

त्या १९२८ च्या ओळीपासूनच सुरुवात करू. ॲम्स्टरडॅमला गेलेल्या हिंदुस्थानी हॉकी संघाचा कर्णधार जयपाल सिंह मुंडा हा आदिवासी होता. आजच्या झारखंडमधील खुंटी भागातल्या टकरा गावी ३ जानेवारी १९०३ रोजी त्यांचा जन्म झाला. रांचीच्या मिशन शाळेत शिकले, मिशनऱ्यांनी त्यांची हुशारी हेरून इंग्लंडला नेले, ऑक्सफर्डच्या सेंट जॉन्स कॉलेजात ते शिकले आणि तेथे हॉकीत नाव काढले. आय.सी.एस.साठी त्यांची निवडही झाली. प्रशिक्षणाच्या काळात ऑलिम्पिकसाठी रजा मागितली तर ती नाकारली गेली. ते तरीही गेले. परत आल्यावर वर्ष पुन्हा काढा असा हुकूम मिळाला, तेव्हा त्यांनी आय.सी.एस.वरच पाणी सोडले. ज्या नोकरीसाठी तेव्हाच्या सवर्ण घरांतून नवस बोलले जात, ती नोकरी एका मुंडा तरुणाने हॉकीसाठी सोडली, हे आमच्या मुलांना कोणी सांगितले आहे काय?

त्या स्पर्धेत हिंदुस्थानने पाच सामन्यांत २९ गोल केले आणि एकही गोल अंगावर घेतला नाही. अंतिम सामन्यात हॉलंडला ३-० ने हरवले. मात्र त्या सामन्यात कर्णधार जयपाल सिंह मैदानावर नव्हते. संघात अँग्लो-इंडियन खेळाडूंचे वर्चस्व होते, व्यवस्थापनाशी खटके उडाले आणि ते संघ सोडून निघून गेले, असे सांगितले जाते. ध्यानचंद यांचे 'गोल' हे आत्मचरित्र १९५२ साली निघाले. खेळाडूने स्वतः लिहिलेले पुस्तक म्हणून त्याचे मोल मोठे आहे. पण आपला कर्णधार का गेला हे कोडे त्यातही सुटत नाही. स्वतः जयपाल सिंह यांनी आपल्या आठवणी लिहून ठेवल्या होत्या. २० मार्च १९७० रोजी ते वारले. त्या आठवणी 'लो बीर सेंदरा' या नावाने, रश्मी कात्यायन यांच्या संपादनाखाली, रांचीहून प्रसिद्ध झाल्या त्या २००४ साली. म्हणजे चौतीस वर्षांनी! ज्याने देशाला हॉकीतल्या पहिल्या सुवर्णापर्यंत नेले, त्याचे स्वतःचे शब्द छापायला स्वतंत्र भारताला एक पिढी लागली. पुढे २०१५ मध्ये अश्विनी कुमार पंकज यांनी हिंदीत त्यांचे चरित्र लिहिले. रांचीच्या लोकांनी हे काम केले म्हणून ते झाले. दिल्लीच्या क्रीडा खात्याची वाट पाहिली असती तर अजून पाहत बसावे लागले असते.

आंबेडकरी वाचकाला जयपाल सिंह आणखी एका कारणासाठी ठाऊक असायला हवेत. ते संविधान सभेत होते. १९ डिसेंबर १९४६ रोजी उद्दिष्टांच्या ठरावावर बोलताना त्यांनी स्वतःला अभिमानाने 'जंगली' म्हणवून घेतले आणि लोकशाही आदिवासींना शिकवायची गरज नाही, ती त्यांच्याकडून शिकायची आहे, अशा आशयाची मांडणी केली. 'अनुसूचित जमाती'ऐवजी 'आदिवासी' हा शब्द घटनेत यावा असा त्यांचा आग्रह होता. बाबासाहेबांनी त्यावर, 'आदिवासी' हा शब्द सर्वसाधारण आहे, त्याला कायद्याने निश्चित अर्थ नाही, असे उत्तर दिले. दोघांचे येथे पटले नाही. हा मतभेद झाकून ठेवावा असे आम्हाला वाटत नाही. एका बाजूला कायद्याच्या चौकटीत हक्क पक्के करू पाहणारे बाबासाहेब आणि दुसऱ्या बाजूला आपल्या माणसांचे नाव आपणच ठेवू म्हणणारे जयपाल सिंह, ही चर्चा नंदुरबारच्या पोरांनी वाचावी आणि आपापसात भांडून आपले मत ठरवावे. जयपाल सिंह यांच्या राजकारणाबद्दलही मतभेद होऊ शकतात. १९६३ साली त्यांनी झारखंड पक्ष काँग्रेसमध्ये विलीन केला, याचा राग तिकडच्या अनेकांच्या मनात राहिला. पण यातले काही बरेवाईट ठरवायला आधी तो माणूस माहीत असावा लागतो, आणि पुस्तिकेतल्या त्या एका ओळीत तो सापडत नाही.

आता सातासमुद्रापलीकडच्या एका आदिवासी खेळाडूकडे वळू. कारण त्याच्या गोष्टीत आश्रमशाळेसारखी एक शाळा आहे, आणि ग्रंथालयातले एक कागदाचे बाडही आहे. जिम थॉर्प हा अमेरिकेतील सॅक अँड फॉक्स या मूलनिवासी जमातीचा. जन्म १८८७. अमेरिकन सरकारने मूलनिवासी मुलांना घरापासून तोडून, केस कापून, त्यांची भाषा बंद करून 'सुधारण्या'साठी ज्या निवासी शाळा काढल्या, त्यांतल्या सर्वांत प्रसिद्ध कार्लाईल शाळेत तो वाढला. १९१२ च्या स्टॉकहोम ऑलिम्पिकमध्ये त्याने पेंटॅथलॉन आणि डेकॅथलॉन अशी दोन सुवर्णपदके घेतली. बूट हरवले म्हणून दोन वेगवेगळे बूट घालून तो स्पर्धेत उतरल्याची गोष्ट प्रसिद्ध आहे आणि तसे छायाचित्रही आहे.

पुढच्याच वर्षी, १९१३ मध्ये, त्याची दोन्ही पदके काढून घेतली. गुन्हा काय? ऑलिम्पिकच्या आधी दोन उन्हाळे तो किरकोळ पैशांसाठी बेसबॉल खेळला होता, म्हणून तो 'हौशी' खेळाडू उरला नाही. कॉलेजातली श्रीमंत गोरी मुलेही उन्हाळ्यात असे पैसे घेऊन खेळत, पण ती खोट्या नावाने खेळत. थॉर्प स्वतःच्या नावाने खेळला. खरे नाव लावले म्हणून पदक गेले! पोटासाठी खेळावे लागते तो 'हौशी' नाही, हा नियम कोणी कोणासाठी केला होता हे आमच्या वाचकांना फोड करून सांगायला नको. जगात सोवळे सगळीकडे असते, नुसती नावे वेगळी.

थॉर्प १९५३ साली गरिबीत वारला. पण त्याच्यावर पुस्तक लिहिणारा रॉबर्ट व्हीलर नावाचा एक चिकाटीचा माणूस निघाला. पुस्तक लिहून झाल्यावर तो थांबला नाही. त्याची पत्नी फ्लोरेन्स रिडलन हिने वॉशिंग्टनच्या लायब्ररी ऑफ काँग्रेसमध्ये शोधाशोध करून १९१२ च्या स्पर्धेच्या नियमांची मूळ पुस्तिका हुडकून काढली. एखाद्या खेळाडूविरुद्ध तक्रार करायची तर ती तीस दिवसांच्या आत झाली पाहिजे, असे त्या पुस्तिकेत स्वच्छ लिहिले होते. थॉर्पविरुद्धची तक्रार आली होती कित्येक महिन्यांनी. त्या कागदाच्या जोरावर १९८२ साली आंतरराष्ट्रीय ऑलिम्पिक समितीला नमावे लागले आणि १९८३ च्या जानेवारीत पदके त्याच्या मुलांच्या हाती दिली गेली. तरीही त्याला 'संयुक्त विजेता' म्हटले गेले. एकमेव विजेता म्हणून त्याचे नाव नोंदले जायला २०२२ चा जुलै उजाडला. त्याच वर्षी डेव्हिड मॅरानिस यांचे 'पाथ लिट बाय लाइटनिंग' हे त्याचे मोठे चरित्र निघाले.

११० वर्षे लागली, आणि ज्या कागदाने निकाल फिरवला तो ग्रंथालयात पडून होता. कागदपत्रांच्या जोरावर लढण्याचा धडा आम्हाला बाबासाहेबांनी दिलेलाच आहे. खेळाच्या मैदानातही तोच लागू पडतो.

आमच्या देशात मात्र आदिवासी खेळाडूबद्दल लिहिताना एक ठरलेला शब्द वापरला जातो. काटक. जन्मजात काटक, निसर्गाच्या कुशीत वाढलेला, डोंगर चढून चढून दम कमावलेला. हे कौतुक ऐकायला गोड असते आणि म्हणूनच जास्त घातक असते. अंगमेहनत एकाच्या जन्माला चिकटवायची आणि बुद्धी दुसऱ्याच्या, हीच तर वर्णव्यवस्थेची जुनी वाटणी. कविता राऊतचेच उदाहरण घ्या. नाशिक जिल्ह्यातल्या हरसूल भागातील सावरपाड्याची ही कन्या. नाशिकला प्रशिक्षक विजेंद्र सिंग यांच्याकडे तिने वर्षानुवर्षे घाम गाळला. २०१० च्या दिल्ली राष्ट्रकुल स्पर्धेत दहा हजार मीटरमध्ये तिने कांस्य घेतले. राष्ट्रकुलच्या ट्रॅकवर वैयक्तिक पदक घेणारी ती पहिली भारतीय महिला. त्याच वर्षी ग्वांगझूच्या एशियाडमध्ये त्याच अंतरात रौप्य. २०१२ साली अर्जुन पुरस्कार. २०१६ साली रिओ ऑलिम्पिकची मॅरेथॉन. आणि वृत्तपत्रांनी रंगवले काय? डोक्यावर हंडा घेऊन डोंगर चढणारी मुलगी धावपटू झाली! त्या पाड्यावर नळ का नव्हता, हा प्रश्न एकाही रंगीत पुरवणीला पडला नाही. हंडा वाहून पदके मिळत असती तर अक्राणीच्या प्रत्येक घरात चार चार पदके लटकली असती. पदक मिळाले ते रोजच्या सरावाने, प्रशिक्षकाने आखलेल्या वेळापत्रकाने आणि तिच्या स्वतःच्या जिद्दीने. पुढे नोकरीच्या दर्जाबाबत आपल्यावर अन्याय झाल्याचे तिने २०२४ साली जाहीरपणे सांगितले, तेव्हा 'सावरपाडा एक्सप्रेस' म्हणून टाळ्या वाजवणारे कितीजण तिच्या बाजूला उभे राहिले?

आम्हाला हवे आहे ते कविताचे तिच्या स्वतःच्या तोंडचे सविस्तर पुस्तक. पहिले बूट कोणाचे होते, वसतिगृहातल्या जेवणात काय असे, पाळीच्या दिवसांत सराव कसा केला, दहा हजार मीटरच्या शेवटच्या चार फेऱ्यांत डोक्यात काय चालते, हे सगळे सांगणारे. त्या आश्रमशाळेतल्या मुलीने असले पुस्तक एका बैठकीत वाचून काढले असते.

प्रशिक्षकांचा विषय निघाला म्हणून एक गोष्ट येथेच सांगून टाकतो. या देशात उत्तम प्रशिक्षकाला १९८५ पासून जो राष्ट्रीय पुरस्कार दिला जातो, त्याला नाव आहे द्रोणाचार्याचे. आदिवासी शिष्याला जातीमुळे दाराबाहेर ठेवणारा आणि तो स्वतःच्या हिमतीवर शिकला तेव्हा त्याचा अंगठा कापून मागणारा गुरू, हा आमच्या सरकारला आदर्श प्रशिक्षक वाटतो! दुसरीकडे आदिवासींच्या निवासी शाळांना नाव एकलव्याचे. अंगठा घेणाऱ्याच्या नावाने सन्मान आणि अंगठा देणाऱ्याच्या नावाने शाळा, अशी ही सरकारी वाटणी आहे. आणि नंदुरबार जिल्ह्याची गंमत अशी की तळोद्याकडून जेथे दिवाळीत हजारो आदिवासी रात्रभर चालत चढतात, ते अस्तंबा शिखर अश्वत्थाम्याच्या नावाने ओळखले जाते. द्रोणाचा हा मुलगा कपाळावरच्या जखमेसाठी तेल मागत या डोंगरात हिंडतो, असे लोक सांगतात. बापाने अंगठा मागितला, मुलगा तेल मागतो. देणारे दोन्ही वेळा आदिवासीच! भिल्ल तिरंदाज आजही अंगठ्याचा वापर न करता बाण ओढतात असे सांगितले जाते. लोकांनी आपला इतिहास बोटांत जपून ठेवला, पुस्तकात त्याला जागा नव्हती म्हणून.

तिरंदाजीचेच सांगायचे तर राजस्थानच्या उदयपूर भागातले लिंबाराम हे आमच्या सातपुड्याच्या भिल्लांना जवळचे वाटावे असे नाव. १९८७ साली भारतीय क्रीडा प्राधिकरणाच्या विशेष योजनेतून, बांबूचे धनुष्य घेऊन शिकार करणाऱ्या मुलांतून त्यांची निवड झाली, आणि पुढे सोल, बार्सिलोना, अटलांटा अशी तीन ऑलिम्पिक ते खेळले. म्हणजे कोणी शोधायला गेले की माणूस सापडतो. नंदुरबारच्या डोंगरात असे किती लिंबाराम वाट पाहत म्हातारे झाले असतील?

काळ्या अमेरिकन खेळाडूंची पुस्तके आम्ही मुद्दाम वाचतो, कारण त्यांत पदकाइतकीच पदकानंतरची वर्षे असतात. जेसी ओवेन्सने १९३६ च्या बर्लिनमध्ये हिटलरच्या डोळ्यांदेखत चार सुवर्णपदके घेतली हे सर्वांना पाठ असते. पण त्याच ओवेन्सने १९७० साली 'ब्लॅकथिंक' या पुस्तकात लढाऊ कृष्णवर्णीय तरुणांवर टीका केली, आणि दोनच वर्षांनी 'आय हॅव चेंज्ड' असे नाव देऊन दुसरे पुस्तक लिहिले, हे किती जणांना माहीत आहे? मोठा खेळाडूही विचार करता करता बदलतो, हे त्या दोन पुस्तकांत शेजारी शेजारी वाचायला मिळते. १९६८ च्या मेक्सिको ऑलिम्पिकमध्ये दोनशे मीटरचे पदक घेताना टॉमी स्मिथ आणि जॉन कार्लोस यांनी काळे हातमोजे घातलेली मूठ वर केली. गरिबीची खूण म्हणून ते बूट काढून, काळे मोजे घालून उभे होते. त्यांना संघातून हाकलले गेले. स्मिथचे 'सायलेंट जेश्चर' २००७ साली आणि कार्लोसचे आत्मचरित्र २०११ साली आले. त्या चौथऱ्यावर तिसरा होता ऑस्ट्रेलियाचा गोरा पीटर नॉर्मन. त्याने त्यांच्या चळवळीचा बिल्ला छातीवर लावला आणि त्याची किंमत मोजली. २००६ साली तो वारला तेव्हा स्मिथ आणि कार्लोस यांनी त्याच्या शवपेटीला खांदा दिला. १९७२ साली मुंबईत दलित पँथर उभी राहिली ती याच काळ्या लढ्याकडे पाहत. तिचे साहित्य आम्ही वाचले, तिच्या घोषणा दिल्या. त्या लढ्यातली मैदानावरची माणसे मात्र आमच्याकडून वाचायची राहून गेली.

येथले चित्र काय? तमिळनाडूच्या पुदुकोट्टई जिल्ह्यात वीटभट्टीवर राबणाऱ्या दलित कुटुंबातली शांती सौंदराजन हिने २००६ च्या दोहा एशियाडमध्ये आठशे मीटरचे रौप्य घेतले. लिंगचाचणीचे कारण सांगून ते काढून घेतले, आणि देशाची क्रीडा संघटना तिच्यासाठी लढायला उभी राहिली नाही. थॉर्पसाठी कागद शोधणारे कोणीतरी होते. ओडिशाच्या द्युती चंदने अशाच नियमाला २०१५ साली आंतरराष्ट्रीय क्रीडा लवादात आव्हान देऊन तो स्थगित करून घेतला आणि तिच्यावर पुस्तकही आले. शांतीच्या वेळी मात्र सगळे गप्प होते. २०२१ च्या जुलैमध्ये टोकियो ऑलिम्पिकमध्ये वंदना कटारियाने दक्षिण आफ्रिकेविरुद्ध तीन गोल केले. ऑलिम्पिकच्या हॉकीत असे करणारी ती पहिली भारतीय महिला. उपांत्य सामना हरताच हरिद्वारजवळच्या तिच्या घरासमोर फटाके फोडून जातिवाचक शिवीगाळ झाली. जिंकली की देशाची लेक, हरली की जात! पुढच्या ऑलिम्पिकच्या पुस्तिकेत वंदनाचे तीन गोल येतील. ते फटाके येणार नाहीत. ते आम्हालाच लिहावे लागतील.

मराठीत खेळाच्या लेखनाची परंपरा नाही असे नाही. बडोद्याहून निघालेला 'व्यायाम ज्ञानकोश' चांगला दहा खंडांचा आहे. गोळेश्वरच्या खाशाबा जाधवांनी १९५२ साली हेलसिंकीला कुस्तीत कांस्य जिंकले, स्वतंत्र भारताचे पहिले वैयक्तिक पदक. त्यांना पाठवण्यासाठी कोल्हापूरच्या प्राचार्य खर्डीकरांनी स्वतःचे घर गहाण ठेवले होते. पुढे देश या पैलवानाला विसरला. १९८४ साली अपघातात ते गेले आणि अर्जुन पुरस्कार मिळाला तो मरणोत्तर. संजय दुधाणे यांनी त्यांच्यावर पुस्तक लिहिले, इतरांनीही पाठपुरावा केला, आणि आज १५ जानेवारी हा त्यांचा जन्मदिवस राज्य क्रीडा दिन झाला आहे. २०२४ साली पॅरिसला स्वप्नील कुसाळेने नेमबाजीत कांस्य घेतले तेव्हा बहात्तर वर्षांपूर्वीच्या खाशाबांची आठवण घराघरांत निघाली, ती या मंडळींनी लिहून ठेवले होते म्हणून.

पण आदिवासी आणि दलित खेळाडूचे कोणी लिहायचे? शहाद्याचे कवी वाहरू सोनवणे यांची 'स्टेज' ही कविता आमच्या अनेक वाचकांनी ऐकली असेल. आपले दुःख दुसरेच मंचावरून सांगतात आणि आपण खाली बसून ऐकतो, ही त्या कवितेतली सल. खेळाच्या पुस्तकांनाही ती तंतोतंत लागू आहे. सातपुड्याच्या धावपटूंवर पुण्या-मुंबईचा लेखक येऊन दोन दिवसांत पुस्तक लिहून जाईल, त्यात काटकपणा असेल, हंडा असेल, चंद्रमौळी झोपडी असेल. मुलीच्या त्या प्रश्नाचे उत्तर नसेल. ते लिहायला पावरी, मावची, देहवाली समजणारा माणूस हवा, तो याच जिल्ह्यातल्या महाविद्यालयांत आज शिकतो आहे.

हे सगळे सरकारवर सोडून चालणार नाही हे उघडच आहे. पण सरकारचा पैसा आहे आणि तो आपला आहे, हेही विसरू नये. १९६७ च्या महाराष्ट्र सार्वजनिक ग्रंथालय अधिनियमाखाली गावोगावच्या अ, ब, क, ड वर्गातल्या वाचनालयांना अनुदान मिळते आणि त्यातून पुस्तके घ्यावी लागतात. यादी कोण करतो? बहुतेक ठिकाणी विक्रेताच गठ्ठा बांधून देतो आणि ग्रंथपाल सही करतात. नंदुरबार, नवापूर, शहादा, तळोदा येथील आमचे कार्यकर्ते ज्या वाचनालयांचे सभासद आहेत, तेथे त्यांनी कार्यकारिणीपुढे लेखी यादी ठेवावी. मागणीची नोंद झाली की नंतर 'कोणी मागितले नाही' असे सांगता येत नाही. जे सभासद नाहीत त्यांनी आधी सभासद व्हावे, वर्गणी फार नसते. आश्रमशाळांसाठी दोन्ही प्रकल्प अधिकाऱ्यांकडे निवेदन द्यायला शिष्टमंडळ न्यावे आणि माहितीच्या अधिकारात गेल्या तीन वर्षांत शाळांनी कोणती पुस्तके किती किमतीला घेतली, हे मागवावे. कपाटांच्या किल्ल्या कोणाकडे असतात हेही त्याच अर्जात विचारायला हरकत नाही.

भाषांतराचे काम मोठे आहे. जयपाल सिंहांच्या आठवणी मराठीत आणायच्या तर हक्क असणाऱ्यांची रीतसर परवानगी लागेल, प्रकाशक लागेल, पैसा लागेल. आमचे प्रकाशक धम्म आणि राजकारणावरची पुस्तके काढतात, चैत्यभूमी-दीक्षाभूमीच्या स्टॉलवर ती हातोहात खपतात. वर्षाला एक खेळाडूचे पुस्तक काढले तर ते बुडतील असे आम्हाला वाटत नाही. ६ डिसेंबरला शिवाजी पार्कवर लागणाऱ्या त्या शेकडो स्टॉलपैकी एखाद्यावर जिम थॉर्प मराठीत मिळाला तर सातपुड्यातून आलेला एखादा क्रीडाशिक्षक तो घेऊन जाईल. एस.टी.च्या प्रवासात वाचेल. आणि शाळेत गेल्यावर तो कपाटात न ठेवता मैदानावर मुलांना वाचून दाखवील, अशी आमची त्याला विनंती आहे.